पाणीवाल्या बाई

आमच्या साखरशेतास पावसाची वाण नाही. मृग लागला म्हणजे जव्हारच्या या पठारावर ढग असे उतरतात की समोरच्या पाड्यावरचे घर दिसेनासे होते, आणि चार महिन्यांत शंभर इंचांहून अधिक पाऊस कोसळून जातो. गावाच्या नावात साखर असली तरी शेतात पिकते ती नागली व वरई. तिला हा पाऊस पुरून उरतो. आणि तरीही फाल्गुन सरतो न सरतो तोच बायका डोक्यावर चुंबळ ठेवून झिऱ्याच्या वाटेस लागतात. पाणी पडते, परंतु थांबत नाही. कातळावरून घसरते, ओहोळास मिळते, ओहोळ नदीस मिळतो. शेजारच्या मोखाड्याकडील बरेचसे पाणी वैतरणेच्या पोटात जाते, आणि वैतरणेचे पुढे काय होते हे मुंबईकर वाचकांस आम्ही सांगावयास नको. सकाळी त्यांच्या मोरीतला नळ सुटतो, तोच ते सांगतो.

गेल्या वैशाखातील गोष्ट. पाड्यावरील एक बाई आमच्या ओट्याशी हंडा टेकवून क्षणभर विसावली. तिला आम्ही चौथीत शिकविले होते, त्यामुळे ती आमच्याशी मोकळेपणाने बोलते. एकाएकी तिने विचारले, "गुरुजी, मुंबईला आपल्याकडचं पाणी जातं, ते आपसूक जातं का कोणी भांडून नेलं?"

प्रश्न साधा दिसला, पण उत्तर देताना आमची तारांबळ उडाली. धरणे उंचावर आहेत आणि मुंबई खाली समुद्राशी. तेव्हा भांडुपापर्यंत पाणी बहुतांशी आपल्याच भाराने वाहत जाते, एवढे भूगोल शिकविणाऱ्या मास्तरास सांगता येते. परंतु भांडुपाहून पुढे ते कोणाच्या घरात शिरावयाचे आणि कोणाच्या दारावरून नुसतेच पुढे जावयाचे, हे काही उतारावर ठरत नाही. तेथे कोणीतरी भांडलेले असते. मग आम्ही तिला मृणालताई गोरे यांची हकीकत सांगितली. ती हंडा विसरून ऐकत बसली. तीच हकीकत येथे थोड्या विस्ताराने देत आहोत.

मृणालताईंचे माहेरचे आडनाव मोहिले. जन्म २४ जून १९२८ चा. बुद्धी तल्लख, आणि मुंबईस वैद्यकीचा अभ्यास चाललेला. त्या काळी मध्यम स्थितीतील घरच्या मुलीस वैद्यकीच्या वर्गात जागा मिळणे म्हणजे केवढे भाग्य! परंतु राष्ट्र सेवा दलाच्या कामात मन गुंतले आणि तो अभ्यास त्यांनी मध्येच सोडला. हे वाक्य लिहिताना आमच्यासारख्या मास्तराचा हात अजून अडखळतो. एखाद्या विद्यार्थिनीने आमचा सल्ला विचारला असता तर "बाई गं, आधी परीक्षा दे," असेच आम्ही सांगितले असते. आणि या एका प्रकरणी तरी आमचा सल्ला चुकला असता. १९४८ साली समाजवादी कार्यकर्ते केशव ऊर्फ बंडू गोरे यांच्याशी त्यांचा विवाह झाला व उभयतांनी गोरेगावास आपले कार्यक्षेत्र केले.

ते गोरेगाव आजच्यासारखे नव्हते. ते मुंबई शहराच्या हद्दीबाहेर होते. बृहन्मुंबईत त्याचा समावेश झाला तो १९५७ साली. तोवर तेथे ग्रामपंचायत होती, आणि मृणालताईंच्या सार्वजनिक कामाची धुळाक्षरे त्या ग्रामपंचायतीतच गिरविली गेली, ही गोष्ट त्यांच्या पुढील कीर्तीमुळे झाकून जाते. महिला मंडळ, आरोग्याची कामे, आणि ज्या काळी तो शब्द बायका आपसांतही पदराआड उच्चारीत त्या काळी कुटुंबनियोजनाचे केंद्र, अशी त्यांची कामे होती. लोकांच्या स्वयंपाकघरापर्यंत गेल्यावाचून यांतील एकही काम होत नाही. पुढे निवडणुकांत ज्या घरांनी त्यांस मते दिली, त्या घरांच्या चुली त्यांनी आधी पाहिलेल्या होत्या.

१९५८ साली बंडू गोरे निवर्तले. मृणालताई त्या वेळी तीस वर्षांच्या. पदरी लहान मुलगी. अशा प्रसंगी आपल्याकडील बाईस नातलग काय सुचवितात ते वाचकांस ठाऊक आहे. मृणालताई गोरेगावीच राहिल्या, पतीच्या नावाने स्मारक विश्वस्त संस्था उभी राहिली, आणि १९६१ साली त्या बृहन्मुंबई महानगरपालिकेवर नगरसेविका म्हणून निवडून आल्या.

पालिकेतील काम म्हणजे गटारे, दिवे, केरकचरा आणि नळ. मोठ्या राजकारणाची ज्यांस हौस असते ते या कामास नाके मुरडतात व पालिकेस वरच्या सभागृहाचा केवळ जिना समजतात. मृणालताईंच्या वाट्यास जे गोरेगाव आले त्यात एक मोठीच अडचण होती. कारखान्यांच्या आश्रयाने झोपड्यांच्या वस्त्या वाढत होत्या, माणसे हजारोंनी राहत होती, आणि त्यांस पाणी नव्हते. वस्ती अनधिकृत, तेव्हा तिला नळ द्यावयाचा नाही, असे सरकारी धोरण. माणसे बेकायदा असू शकतात, पण तहान कशी बेकायदा असणार? मृणालताईंनी हा वाद पालिकेच्या सभागृहात नेला आणि सभागृहाबाहेरही नेला. रिकामे हंडे व घागरी घेऊन बायकांचे मोर्चे त्यांनी अधिकाऱ्यांच्या दारांशी नेले. भरल्या हंड्यास आवाज नसतो. रिकाम्या हंड्यावर चमचा मारला तर तो चार खोल्या पलीकडे ऐकू जातो. एक एक करून वस्त्यांत नळ येऊ लागले, आणि लोकांनी त्यांस "पाणीवाली बाई" हे नाव दिले. पदव्या पुष्कळांस मिळतात. अशी पदवी क्वचित.

येथे आमच्या घरातली एक आठवण सांगितली पाहिजे. आमची एक मावशी गोरेगावास एका चाळीत राहत असे. आम्ही अकराबारा वर्षांचे असताना सुटीत तिच्याकडे गेलो होतो. मोरीत नळ सोडला आणि पाण्याची ती जाड धार पाहून आम्ही हात खाली धरून नुसते उभे राहिलो. मावशी हसून म्हणाली, "तुझ्याच मुलखातलं पाणी आहे हो हे. तू एस्टीनं आलास, ते नळानं आलं." मोडकसागर म्हणजे वैतरणेवरचे धरण, ते १९५७ च्या सुमारास पुरे झाले व मोडक नावाच्या अभियंत्यांवरून त्यास ते नाव दिले, ही माहिती आमच्या काकांनी, म्हणजे मावशीच्या यजमानांनी, लगेच पुरविली. काका हिशेबनीस होते व प्रत्येक गोष्टीचा आकडा त्यांच्या जिभेवर असे.

त्या रात्री जेवणाच्या पंगतीस या झोपड्यांच्या नळांवरून काका व मावशी यांचे जे बोलणे झाले ते आम्हांस आजही आठवते. काकांचे म्हणणे असे की, आम्ही भाडे भरतो, कर भरतो, रीतसर अर्ज करून नळ घेतो; आणि जो कोणी रात्रीतून चार बांबू रोवील त्यासही तोच नळ मिळाला तर रीत कोणी पाळावी? आज नळ दिला की उद्या पत्रे येतील, परवा पक्की भिंत येईल. मावशी भात वाढता वाढता म्हणाली, "आपल्याकडे भांडी घासायला येते ती त्याच झोपड्यांतून येते. आपली भांडी ती आपल्या पाण्यानं घासते, आणि प्यायला पाणी घरी कोणतं नेते, ते तुम्ही कधी विचारलंत?" काकांनी ताकाची वाटी पुढे केली व तो विषय तेवढ्यावर राहिला.

आम्ही पुढे वयाने वाढलो तेव्हा काकांचे म्हणणे खोटे होते असे काही आम्हांस वाटले नाही. नळापाठोपाठ पत्रा येतो व पत्र्यापाठोपाठ भिंत येते, हे मुंबईने पाहिले आहे. परंतु शहराने ज्यांस कामास बोलाविले त्यांस राहावयास जागा दिली नाही, हेही तितकेच खरे. पहिल्या गोष्टीवरून पाणी तोडावयाचे की दुसरीवरून द्यावयाचे, हाच वाद होता. मृणालताईंनी दुसरी बाजू घेतली आणि ती घेताना करदात्यांची मते जातील याची पर्वा केली नाही. नवल असे की ती गेली नाहीत. मावशीने मत त्यांनाच दिले. काकांनी कोणास दिले ते त्यांनी कधी सांगितले नाही.

आता पालिकेतील नगरसेविकेस विधिमंडळात जावेसे का वाटावे? केवळ मानासाठी लोक जातात हे उघड आहे, पण येथे कारण निराळे होते, आणि ते समजण्यासाठी मुंबई महानगरपालिकेची घडण थोडी पाहावी लागते. मुंबईची पालिका चालते ती १८८८ च्या कायद्याने. त्या कायद्यान्वये अंमलबजावणीचा अधिकार आयुक्ताकडे असतो, आणि आयुक्त नेमते राज्य सरकार. नगरसेवकांनी ठराव करावा, प्रश्न विचारावेत, अंदाजपत्रकावर घसा कोरडा करावा. पण ज्याच्या सहीने नळ जोडला जातो त्याची नेमणूक त्यांच्या हाती नसते, आणि ज्या कायद्यावर तो बोट ठेवितो तो बदलणेही नसते. झोपडपट्टी कोणती अधिकृत व कोणती अनधिकृत हे ठरविणारा १९७१ चा कायदाही विधिमंडळाचाच. थोडक्यात, तोटी पालिकेची आणि चावी विधिमंडळाची. गोरेगावचा नळ पुरता सोडवावयाचा तर गोरेगाव सोडून पुढे जाणे भागच होते.

ही वाट महाराष्ट्रास नवी नव्हती. लोकमान्य टिळक १८९५ साली पुणे नगरपालिकेवर निवडून आले आणि त्याच साली मुंबई कायदे कौन्सिलातही गेले. नामदार गोखले यांनी तर वरिष्ठ कौन्सिलात बसण्याचा मान मिळाल्यावरही पुणे नगरपालिकेचे अध्यक्षपद सांभाळले. कलकत्त्यास अंदाजपत्रकावर भाषण करून यावे व पुण्यास येऊन गटारांच्या खर्चाचे कागद पाहावेत, यात त्यांस कमीपणा वाटला नाही. आताशा मनुष्य वरच्या पायरीवर चढला की खालच्या पायरीस ओळखीत नाही, म्हणून हे सांगितले.

१९७२ साली मृणालताई महाराष्ट्र विधानसभेवर निवडून आल्या. त्या वर्षीचा दुष्काळ आमच्या पिढीच्या अंगावर कोरलेला आहे. धान्य नाही, तेल नाही, रॉकेलसाठी रांगा. मृणालताई, अहिल्याताई रांगणेकर, तारा रेड्डी, प्रमिला दंडवते अशा निरनिराळ्या पक्षांच्या बायका त्या वेळी एकत्र आल्या व महागाई प्रतिकार संयुक्त महिला समिती निघाली. समाजवादी व साम्यवादी पुरुष एका व्यासपीठावर बसले की तासाभरात भांडत. या बायका मात्र एकत्र राहिल्या. हातात थाळी व लाटणे घेऊन त्या रस्त्यावर आल्या, म्हणून त्यास लाटणे मोर्चा म्हणू लागले. आमची मावशीही एकदा गेली. जाताना तिने पोळपाट ओट्यावर ठेवून लाटणे तेवढे पिशवीत घातले. काका म्हणाले, "आणि पोळ्या?" मावशी म्हणाली, "आज भात." एवढाच संवाद. त्या घराने त्या दिवशी भात खाल्ला, आणि आमच्या मते त्या मोर्चाचे खरे यश असल्या शेकडो घरांतील त्या एका दिवसाच्या भातात होते. ज्यांनी कधी घराबाहेरच्या गोष्टीत लक्ष घातले नाही, त्यांस विधानसभेत काय चालते हे विचारावेसे वाटू लागले.

पुढील भाग सुपरिचित आहे, म्हणून थोडक्यात आटोपतो. १९७५ साली आणीबाणी आली. मृणालताई प्रथम भूमिगत राहिल्या, पुढे त्यांस कारावास घडला. १९७७ च्या निवडणुकीत उत्तर मुंबईतून त्या लोकसभेवर गेल्या आणि त्याच निवडणुकीत इंदिराबाई पराभूत झाल्या. तेव्हा "पानीवाली बाई दिल्ली में, दिल्लीवाली बाई पानी में" ही घोषणा मुलांच्याही तोंडी झाली होती. घोषणा चटकदार होती खरी. पण आम्हांस विचाराल तर मृणालताईंचे घर दिल्लीत नव्हते. १९८५ साली त्या पुन्हा विधानसभेत आल्या, आणि त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत पक्व काम आम्ही त्यानंतरचे समजतो. पोटातील गर्भाची तपासणी करून मुलगी असल्यास तो पाडण्याची जी विद्या शहरांत बोकाळली होती, तिच्याविरुद्ध स्त्रियांच्या संघटना व डॉक्टर मंडळी आवाज उठवीत होती. तो आवाज विधानसभेत पोहोचविण्यात मृणालताई पुढे होत्या. १९८८ साली महाराष्ट्राने या चाचण्यांवर नियंत्रण घालणारा कायदा केला. असा कायदा करणारे हे देशातील पहिले राज्य. संपूर्ण देशाचा कायदा त्यानंतर १९९४ साली आला. अर्धवट सोडलेला वैद्यकीचा अभ्यास येथे कोठेतरी कामी आला असेल काय, असे आमच्या मास्तरी मनास वाटून जाते. १९८८-८९ मध्ये त्या विधानसभेत विरोधी पक्षनेत्या होत्या.

आणि या सगळ्यात गोरेगाव सुटले नाही. जमीन कमाल धारणेच्या कायद्याखालील जागा श्रीमंतांच्या इमारतींस न जाता सामान्यांच्या घरांस मिळावी म्हणून बाबुराव सामंत प्रभृतींबरोबर त्यांनी नागरी निवारा परिषदेचे काम केले, आणि दिंडोशीस सहा हजारांवर घरे उभी राहिली. आमच्या काकांचा आक्षेप वाचकांस आठवत असेल: रीत कोणी पाळावी? त्यास कोणी कधी थेट उत्तर दिल्याचे आम्हांस स्मरत नाही. पण रीतसर घर मिळण्याची सोय झाली तर माणूस बांबू रोवीत नाही, हे दिंडोशीने दाखविले. काका तेव्हा हयात नव्हते.

१७ जुलै २०१२ रोजी वसई येथे मृणालताईंचे निधन झाले. पुढे गोरेगावातील एका उड्डाणपुलास त्यांचे नाव देण्यात आले. पूल उपयुक्त आहे. पण एखाद्या सार्वजनिक नळास ते नाव दिले असते तर बाई हसल्या असत्या असे आम्हांस वाटते.

त्यानंतरचे २०१४ साल मात्र विचार करण्याजोगे आहे. त्या वर्षाच्या डिसेंबरात मुंबई उच्च न्यायालयाने निकाल दिला की, झोपडी अनधिकृत असली तरी तीत राहणाऱ्या माणसाचे पाणी नाकारता येत नाही. पाणी हा जीवनाच्या हक्काचाच भाग आहे. अमरसिंहाने आपल्या कोशात पाण्याची नावे देताना 'जीवन' हे एक नाव दिले आहे. मुले ते पाठ करताना कंटाळत. न्यायमूर्तींनी त्याचा अर्थ सांगितला म्हणावयाचा. मृणालताई १९६१ पासून जे म्हणत होत्या ते कायद्याच्या भाषेत यावयास पन्नासांहून अधिक वर्षे लागली, व ते ऐकावयास त्या नव्हत्या.

त्याच वर्षी ऑगस्टात ठाणे जिल्ह्यातून आमचा पालघर जिल्हा निराळा झाला. आणि त्याच वर्षी मोखाडे तालुक्यात मध्य वैतरणेचे धरण मुंबईच्या सेवेस रुजू झाले. मोडकसागर, ऊर्ध्व वैतरणा आणि हे तिसरे. एका वैतरणेवरच मुंबईची तीन धरणे झाली. तानसा, भातसा, विहार व तुळशी मिळून सात जलाशयांतून त्या शहरास दररोज सुमारे ३८५ कोटी लिटर पाणी जाते, त्यातील बहुतेक शंभर शंभर किलोमीटरांवरून. पुराणातील वैतरणी ओलांडली म्हणजे यमलोक लागतो असे आम्ही मुलांस सांगत असू; आमची वैतरणा ओलांडली तर पलीकडे तहानलेले पाडेच लागतात. मोखाडे व जव्हार तालुक्यांतील कित्येक पाड्यांवर चैत्र-वैशाखात टँकरची वाट पाहणे काही सुटलेले नाही. मृणालताईंनी गोरेगावच्या झोपडीस जे पाणी मिळवून दिले, ते याच डोंगरांतून गेलेले होते. त्यात त्यांचा दोष नाही. त्या गोरेगावच्या प्रतिनिधी होत्या आणि त्यांनी गोरेगावचे काम चोख केले. येथून असे भांडणारे कोणी निघाले असते तर वाटणी कदाचित निराळी झाली असती.

हे सगळे त्या वैशाखात आम्ही ओट्यावर बसून सांगितले; इतके सारे नव्हे, पण मतलब हाच. बाईने शेवटपर्यंत ऐकले आणि विचारले, "त्या पहिल्यांदा ग्रामपंचायतीत होत्या ना?" आम्ही होय म्हटले. तिने मान डोलाविली व हंडा उचलला.

पावसाळा गेला. एके दिवशी ती पुन्हा आली, या वेळी हंडा रिकामा होता. ग्रामसभा भरणार होती. आमचा भाग अनुसूचित क्षेत्रात मोडतो, म्हणून १९९६ च्या पेसा कायद्याने येथील ग्रामसभेस इतर ठिकाणांपेक्षा अधिक अधिकार आहेत. शिवाय ग्रामसभेआधी बायकांची निराळी महिलासभा घेण्याची तरतूदही आहे. हे आम्ही तिला समजावून सांगू लागलो, तर ती म्हणाली, "ते मला माहीत आहे गुरुजी. प्रश्न कसा लिहायचा, तेवढं सांगा." पाड्यासाठी मंजूर झालेल्या एका विहिरीविषयी तिला विचारावयाचे होते.

आम्ही चष्मा लावला, कोरा कागद घेतला, आणि "उपरोक्त विषयास अनुलक्षून सविनय निवेदन करण्यात येते की" येथून आरंभ केला. तिने ते वाचावयास घेतले, दोन शब्दांवर अडखळली आणि कागद परत दिला. "हे मला सभेत उभं राहून वाचता यायचं नाही. खोडा." दुसऱ्या खेपेस आम्ही 'निवेदन' तेवढे ठेविले, तेही तिने खोडावयास लावले. तिसऱ्या खेपेस कागदावर एकच ओळ उरली : आमच्या पाड्याची मंजूर विहीर कोठे आहे, आणि तिचे पैसे कोणत्या तारखेला कोणाला दिले? खाली तारीख घाला म्हणून आम्ही सुचविले, अर्जाची नक्कल काढून तिच्यावर पोच घ्यावयास सांगितले, आणि सभेच्या इतिवृत्तात प्रश्न लिहिला गेला की नाही ते तेथेच पाहून घे, असेही बजाविले. तिने ती ओळ आमच्यासमोर दोनदा मोठ्याने वाचली, कागदाची घडी करून पदराच्या गाठीत बांधली, आणि ओट्याशी ठेवलेला हंडा उचलून ती झिऱ्याकडे गेली.